महोत्सव पुरे, हद्द आखा

वांद्रे-कुर्ला संकुलातल्या काचेच्या इमारतींमध्ये जे वकील बसतात त्यांना एक गंमत ठाऊक असते. कंपनीचं नाव कितीही जिभेला न वळणारं असो, भाडेकराराच्या शेवटी जमिनीचं वर्णन आलं की तिथं मुकाट्यानं लिहावं लागतं : मौजे कोले कल्याण, तालुका अंधेरी, जिल्हा मुंबई उपनगर. देशातल्या सर्वांत महागड्या कचेऱ्यांपैकी कितीतरी कचेऱ्यांचा पत्ता कागदोपत्री हा आहे. अमेरिकेची वकिलातही २०११ पासून याच संकुलात आली. तिथं व्हिसाच्या रांगेत उभ्या असलेल्या कुणालाही विचारा, कोले कल्याण कुठं आलं? कल्याणच्या पुढं, अंबरनाथच्या अलीकडं, असलं काहीतरी उत्तर मिळेल.

मी त्या मौज्यातली. वाकोल्याची. आमचं घर गावठाणात, सेंट अँथनीच्या चर्चपासून हाकेच्या अंतरावर. आम्ही ईस्ट इंडियन, म्हणजे साष्टी बेटाचे जुने रहिवासी. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी बाप्तिस्मा दिला तेव्हापासून कॅथलिक आणि त्याच्या कितीतरी आधीपासून मराठी बोलणारे. ही ओळख अगोदरच करून देते, कारण पुढचं वाचून कुणीतरी म्हणणारच की बाई बाहेरच्या दिसतात. नाव वाचलं की म्हणतात. आमच्याच गल्लीत पस्तीस वर्षांपूर्वी भाड्यानं राहायला आलेल्या एका सद्गृहस्थांनी मला परवा विचारलं, "तुम्ही मूळच्या गोव्याच्या ना?"

तर गेली काही वर्षं आमच्यावर प्रेमाचा पाऊस पडतोय. रविवारी सकाळी कॅमेरे लटकवलेली मंडळी रणवार, माथारपाखाडी, खोताची वाडी इथं 'हेरिटेज वॉक'ला येतात. कुणाच्याही ओट्यावर बसून फोटो काढतात. हॉटेलं आमच्या जेवणाचे महोत्सव भरवतात. फुगे, खुडी, सोरपोतेल, विंदालू. वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांना दर मे महिन्यात बॉटल मसाल्याची आठवण होते. उन्हात वाळवलेल्या मिरच्या, लाकडी उखळ, बिअरच्या तपकिरी बाटल्यांत ठासून भरलेला मसाला, शेजारी लुगडं नेसलेली हसरी म्हातारी. लेखाचा मथळा दरवर्षी तोच असतो : लोप पावत चाललेली संस्कृती. मग शेवटी कृती. बाईंना कुणी विचारत नाही की ज्या अंगणात मिरच्या वाळत घातल्यात त्या अंगणाची मिळकत पत्रिका कुणाच्या नावावर आहे. मिरच्या मोजतात, अंगण मोजत नाहीत.

माझं म्हणणं या लेखात एवढंच आहे की हे प्रेम नको. संस्कृती हा आम्हाला जमिनीच्या बदल्यात दिलेला खुळखुळा आहे, आणि आमच्यातल्या बऱ्याच जणांना तो वाजवायला आवडू लागलाय.

अमेरिकेनं असलंच प्रेम चेरोकी या तिथल्या मूळ लोकांवर केलं. इतकं केलं की त्यांच्या नावाची मोटार काढली. १९७० च्या दशकापासून जीप कंपनी 'चेरोकी' नावाची गाडी विकते. २०२१ मध्ये चेरोकी नेशनचे प्रमुख चक हॉस्किन धाकटे यांनी कंपनीला सांगितलं, आमचं नाव तुमच्या गाडीच्या पाठीवर नको, आता थांबवा. कंपनी थांबली नाही. पुढच्याच वर्षी 'ग्रँड चेरोकी'ची जुळणी आपल्या रांजणगावात सुरू झाली. पुणे-नगर रस्त्यावर पाऊण कोटीच्या घरातली ही गाडी धूळ उडवत जाताना दिसते. तिच्यात बसलेल्यांपैकी किती जणांना माहीत असेल की हे एका राष्ट्राचं नाव आहे, आणि त्या राष्ट्राला आजही सरकार, न्यायालय, इस्पितळं आणि साडेचार लाखांहून अधिक नागरिक आहेत?

चेरोकी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढं घोड्यावरचा पिसांचा मुकुटवाला येतो. सिनेमाची कृपा. खरे चेरोकी शेतकरी. जॉर्जिया, टेनेसी, नॉर्थ कॅरोलायना, अलाबामा या भागात मका, घेवडा नि भोपळा पिकवणारे. घराण्याची ओळख आईकडून चालायची. गोऱ्यांनी त्यांना सांगितलं, तुम्ही सुधारा म्हणजे तुम्हाला कुणी हात लावणार नाही. ते सुधारले. सिक्वोया नावाच्या एका माणसानं, ज्याला इंग्रजी लिहिता-वाचता येत नव्हतं, १८२१ च्या सुमारास स्वतःच्या भाषेसाठी पंचाऐंशीच्या आसपास अक्षरांची लिपी तयार केली. काही वर्षांत लोक घरोघर ती शिकले. १८२७ मध्ये त्यांनी लेखी राज्यघटना केली. २१ फेब्रुवारी १८२८ ला त्यांच्या राजधानीतून, न्यू इकोटाहून, 'चेरोकी फिनिक्स' हे वृत्तपत्र दोन भाषांत निघालं. आपल्याकडं बाळशास्त्री जांभेकरांचं 'दर्पण' निघायला अजून चार वर्षं होती. चेरोकींनी गोऱ्यांचं पाहून काळे गुलामसुद्धा पाळले. १८३५ च्या मोजणीत ते दीड हजारावर भरले. हेही सांगायला हवं, कारण पीडित म्हणजे संत असा एक भाबडा समज आपल्याकडं फार पसरलाय.

इतकं सुधारून मिळालं काय? १८२९ मध्ये त्यांच्या जमिनीत सोनं सापडल्याची बातमी फुटली. जॉर्जिया राज्यानं कायदे करून चेरोकींचं सरकार बेकायदा ठरवलं. गोऱ्याविरुद्धच्या खटल्यात चेरोकीची साक्ष चालणार नाही असं ठरवलं. मग १८३२ मध्ये त्यांच्या जमिनीची सोडत काढली. होय, सोडत, म्हाडाच्या घरांची निघते तशी. साध्या जमिनीचे एकशेसाठ एकरांचे तुकडे, सोन्याच्या जमिनीचे चाळीस एकरांचे. चिठ्ठी निघाली त्याची जमीन. चेरोकींचे प्रमुख जॉन रॉस १८३५ मध्ये वॉशिंग्टनहून घरी परतले तेव्हा त्यांच्या घरात सोडतीत नशीब उघडलेला माणूस राहत होता. त्याच १८३२ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं चेरोकींच्या बाजूनं निकाल दिला होता, की जॉर्जियाचे कायदे त्यांच्या भूमीवर चालत नाहीत. निकाल छापला गेला. जमीन जायची ती गेलीच.

तरी कागद पुरा व्हायला एक सही हवी होती. तीही मिळाली. २९ डिसेंबर १८३५ ला न्यू इकोटात विसेक जणांनी एका करारावर सह्या केल्या : पूर्वेकडचा सगळा मुलूख, सुमारे सत्तर लाख एकर, पन्नास लाख डॉलरला. सही करणाऱ्यांना राष्ट्राच्या वतीनं बोलण्याचा अधिकार नव्हता. प्रमुखाची सही नव्हती, सभागृहाचा ठराव नव्हता. रॉस यांनी पंधरा हजारांच्या आसपास सह्यांचा निषेध अर्ज पाठवला. सिनेटनं एका मताच्या फरकानं करार मंजूर केला. १८३८ च्या मे महिन्यात जनरल विन्फील्ड स्कॉट सात हजार सैनिक घेऊन आला, लोकांना जेवत्या ताटावरून उठवून कुंपणात कोंडलं, आणि मग पश्चिमेकडं हाकललं. सोळा हजारांपैकी सुमारे चार हजार मेले. रॉस यांची बायको वाटेत लिटल रॉकजवळ गेली. पुढच्या जूनमध्ये करारावर सही करणारे मेजर रिज, त्यांचा मुलगा आणि 'फिनिक्स'चे पहिले संपादक इलायस बूडिनॉट यांना त्यांच्याच लोकांनी एका दिवसात ठार केलं. परवानगीशिवाय जमीन विकणाऱ्याला देहदंड हा चेरोकींचा जुना कायदा. एके काळी त्याची अंमलबजावणी करणाऱ्यांत हे रिजच होते.

आम्हाला कुणी संगिनीनं हाकललं नाही, हे कबूल. चिमाजी आप्पांनी १७३९ मध्ये वसई घेतली तेव्हा पोर्तुगीज गेले, आम्ही राहिलो. १७७४ मध्ये इंग्रजांनी साष्टी घेतली, आम्ही राहिलो. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या एकाच जागी आहोत, फक्त जागा आमच्या पायाखालून सरकत गेली. आजी सांगायची, घराच्या मागच्या दारातून थेट भाताची खाचरं दिसायची, नाल्यात मासे असायचे. तिला वाकोला नाल्याचा आजचा काळा रस दाखवला असता तर "मना नको दाखवू" म्हणून तोंड फिरवलं असतं. विमानतळ आला, लष्कराची छावणी आली, विद्यापीठाचं आवार आलं, सरकारी वसाहती आल्या, हायवे आला, शेवटी खाडीची दलदल भरून वांद्रे-कुर्ला संकुल आलं. सगळं सार्वजनिक हिताचं. त्या हिताचा हिशेब २६ जुलै २००५ ला सांताक्रूझच्या वेधशाळेत ९४४ मिलिमीटरवर लागला, तेव्हा मिठीला आणि वाकोला नाल्याला आपली जुनी जागा आठवली, आणि कालिन्यात लोक गळाभर पाण्यात उभे राहिले.

शेतं गेली. राहिलं गावठाण, म्हणजे मोजणीच्या वेळी गावाच्या वस्तीसाठी वेगळी ठेवलेली जागा. ईस्ट इंडियन संघटना मुंबईत अशी १८९ गावठाणं असल्याचं सांगतात. त्यांची हद्द कुठं सुरू होते आणि कुठं संपते, हे नव्यानं आखून द्या एवढीच मागणी कित्येक वर्षं चालू आहे. प्रत्येक सरकारात एकेक मंत्री येतो, गळ्यात हार घालून घेतो, सीमांकन लवकरच होईल म्हणतो, फुगे खातो आणि जातो.

हद्द नसली की काय होतं ते माझ्या दारात घडलं. दोन तरुण आले. गळ्यात ओळखपत्रं, हातात टॅब. एकानं काही न विचारता दाराच्या चौकटीवर लाल रंगानं आकडा घातला. चौकट सागाची, माझ्या पणजोबांनी घातलेली, वर लाकडात कोरलेला क्रूस. आकडा क्रुसाच्या बरोबर खाली. मी म्हटलं, हे काय? म्हणाला, सर्व्हे आहे मॅडम. कसला? झोपडपट्टीचा. मी आतून मिळकत पत्रिका आणली. त्यानं ती नीट पाहिली, पोरगा सभ्य होता, आणि म्हणाला, "मॅडम, तुमचं पेपर आहे ते बरोबर आहे. पण आजूबाजूला सगळं तसंच आहे ना, मग क्लस्टरमध्ये येतं." आणि जाता जाता, मनापासून, "तुमचं मराठी खूप छान आहे हो."

सर्व्हे करणाऱ्यांच्या कचेरीत नंतर गेले. तिथल्या साहेबांनी समजावलं की गल्ली अरुंद आहे, घरं दाटीची आहेत, सांडपाण्याची सोय नाही, म्हणजे व्याख्येत बसतं. त्यांचंही खोटं नव्हतं. १९७१ चा महाराष्ट्र झोपडपट्टी कायदा उघडून पाहा : अपुऱ्या सोयी, अस्वच्छता, दाटी, आरोग्याला धोका. चारशे वर्षांपूर्वीच्या गावाच्या गल्ल्या बैलगाडीच्या मापाच्या असतात, त्या अरुंद असणारच. आणि गटार आम्ही घालायचं होतं का? जे द्यायचं ते पन्नास वर्षं द्यायचं नाही आणि मग ते नाही म्हणून गावाला झोपडपट्टी म्हणायचं, याला मुंबईत नियोजन म्हणतात.

एकदा क्लस्टरमध्ये पडलात की पुढचं विनोदी नाटक आहे. ५१ टक्के संमती झाली की झोपडपट्टी पुनर्वसनाची योजना हलते. घराच्या मालकाला ३०० चौरस फुटांची खोली, विहीर, ओटा आणि आंब्याचं झाड सोडून. आणि ती खोली मिळण्यासाठी पात्रता सिद्ध करायची : १ जानेवारी २००० पूर्वीपासून इथं राहत होतात याचा पुरावा आणा. कोले कल्याणातलं अवर लेडी ऑफ इजिप्तचं देऊळ १६०६ चं. त्याच्या नोंदवह्या चालतील का, असं मी साहेबांना विचारलं. ते म्हणाले, वीजबिल असेल तर बरं.

ही संमती कशी गोळा होते हे चेरोकींच्या विसेक सह्यांवरून कळावं. गावठाणातल्या बहुतेक मिळकत पत्रिकांवर अजून मेलेल्या माणसांची नावं आहेत. पणजोबा अमुक अमुक 'व इतर'. हे 'व इतर' म्हणजे आज तीस-पस्तीस वारस. निम्मे टोरंटो, मेलबर्न आणि आखातात. तिथं बसलेल्या एखाद्या चुलतभावाला एक फोन येतो, मग एक मुखत्यारपत्र येतं, त्यावर सही होते, खात्यात पैसे पडतात. माझ्या एका नातलगानं असंच केलं. त्याला विचारलं तर म्हणाला, "अगं, तसंही ते पडायलाच आलं होतं." त्याला ते घर पाहून वीस वर्षं झाली होती.

आता चेरोकींच्याच इतिहासातली दुसरी गोष्ट, जी हेरिटेजवाले कधी सांगत नाहीत. सगळे चेरोकी हाकलले गेले नाहीत. नॉर्थ कॅरोलायनाच्या डोंगरात काही जण राहिले आणि त्यांचे वंशज आजही तिथं आहेत. ते कसे राहिले? पवित्र नृत्यांमुळं नव्हे, आणि टोपल्या विणल्यामुळंही नव्हे. त्यांनी जमीन विकत घेतली म्हणून राहिले. चेरोकींना स्वतःच्या नावावर जमीन ठेवणं अवघड, म्हणून विल्यम हॉलंड थॉमस नावाच्या एका गोऱ्या व्यापाऱ्यानं, ज्याला लहानपणी त्यांच्या प्रमुखानं मुलगा मानलं होतं, त्यांच्या पैशातून स्वतःच्या नावावर डोंगर आणि दऱ्या घेतल्या. पुढं तो कर्जात बुडाला, वेडा झाला, सावकार जमिनीवर आले. चेरोकी न्यायालयात गेले आणि आपली जमीन सोडवून घेतली. आज ती पंचावन्न हजार एकरांहून अधिक जमीन सरकारनं विश्वस्त म्हणून राखलेली आहे, बाहेरच्याला विकता येत नाही. तिचं नाव क्वाला बाउंड्री. आधी हद्द पक्की केली, मग तिच्या आत नाटकं, संग्रहालय, महोत्सव काय हवं ते केलं.

पश्चिमेला, ओक्लाहोमात, हाकललेल्यांची परीक्षा नंतर पुन्हा झाली. १८८७ मध्ये अमेरिकेनं डॉज कायदा केला. त्यानुसार जमातींची सामाईक जमीन तोडून माणशी तुकडे पाडायचे. चेरोकींना त्यातून सुरुवातीला वगळलं होतं, १८९८ च्या कर्टिस कायद्यानं तेही संपलं. सामाईक गेलं, तुकडे उरले, आणि तुकडे एकेकट्याकडून काढून घेणं सोपं असतं.

त्याच १८८७ मध्ये इकडं मुंबईत आमचे शहाणे पूर्वज काय करत होते? व्हिक्टोरिया राणीच्या राज्याचा सुवर्णमहोत्सव साजरा करत होते. तोवर आम्हाला सरकारदरबारी 'बॉम्बे पोर्तुगीज' म्हणत. गोव्याहून आणि मंगळुराहून ख्रिस्ती लोक नोकऱ्यांसाठी येत होते, त्यांच्यातून आपण वेगळे, आपण ईस्ट इंडिया कंपनीची जुनी इमानी रयत, हे साहेबाला कळावं म्हणून २६ मे १८८७ ला बॉम्बे ईस्ट इंडियन असोसिएशन स्थापन झाली. नोकऱ्या मिळाल्या. रेल्वेत, जकातीत, कचेऱ्यांत आमची माणसं कारकून झाली आणि शेतं कुळांवर सोडली. मग कारकुनाच्या मुलाला मराठीची लाज वाटू लागली. १६५९ मध्ये लिस्बनला छापलेलं फ्रान्सिस्को वाझचं ख्रिस्ताच्या दुःखभोगाचं पुराण आमच्याच किनाऱ्यावरच्या मराठीत आहे. आमच्या पणज्या उपासाच्या दिवसांत ते गायच्या. आज आमच्या समाजातल्या किती पोरांना त्याचं नाव तरी माहीत आहे? चेरोकींनी २०१९ मध्ये भाषेसाठी आणीबाणी जाहीर केली, कारण अस्खलित बोलणारे दोन हजारांच्या आसपास उरले होते. त्यांच्याकडं जमीन आणि सरकार असूनही ही वेळ आली. फरक इतका की आणीबाणी जाहीर करायला त्यांच्याकडं सरकार होतं, आणि ती जाहीर झाल्यावर पैसे खर्च करायला खजिना. आम्ही आमच्या भाषेसाठी फक्त 'क्यूट' हा शब्द ऐकलाय.

आणि आमच्यातला मान-अपमानाचा खेळ. खरा ईस्ट इंडियन कोण? कोळी ख्रिस्ती धरायचे का, वसईचे सामवेदी धरायचे का, कुणबी, वाडवळ, भंडारी यांतून बाटलेल्यांत वरचा कोण? एका बैठकीत तास दीड तास यावरच गेला आणि सीमांकनाचा विषय वेळेअभावी पुढं ढकलला. चेरोकींनीही हा घाण खेळ केला. आपल्या मुक्त केलेल्या गुलामांच्या वंशजांना २००७ मध्ये मतदानानं नागरिकत्वातून काढायला निघाले. दहा वर्षं खटला चालला, २०१७ मध्ये न्यायालयानं त्यांना हक्क परत दिले आणि २०२१ मध्ये चेरोकींच्याच सर्वोच्च न्यायालयानं घटनेतून रक्ताची अट काढून टाकली. चूक सुधारता येते, नोंदवही स्वतःच्या हातात असेल तर. आमच्या समाजाची नोंदवही कुणाच्या हातात आहे? चर्चच्या. आणि ती बाप्तिस्म्याची आहे, जमिनीची नाही.

चर्चवरून आठवलं. मरोळच्या औद्योगिक वसाहतीत, सीप्झच्या कुंपणाच्या आत, १५७९ मध्ये बांधलेलं सेंट जॉन द बॅप्टिस्टचं देऊळ आहे. १८४० मध्ये साथ आली, गाव उठलं, देऊळ ओस पडलं. १९७३ मध्ये त्याच्याभोवती निर्यातीचं क्षेत्र उभं राहिलं. छप्पर नाही, भिंतींतून पिंपळ फुटलेत. वर्षातून एकदा, मे महिन्यात, त्या गावच्या वंशजांना आत जाऊन मिस्सा करू देतात. बाकीचं वर्ष फाटकावर पहारेकरी. हिऱ्यांचे दागिने घडवणाऱ्यांना रोज आत जायची मुभा, देव ज्यांचा त्यांना वर्षातून एक सकाळ. याचीही वर्तमानपत्रात सुंदर छायाचित्रं येतात. पिंपळाच्या मुळ्या छान दिसतात.

माझ्या भाचीच्या लग्नातला प्रसंग याच जातीचा. आमच्याकडं लग्नाच्या आदल्या दिवशी 'उंबराचं पाणी' आणायला वाजतगाजत विहिरीवर जातात. आमची विहीर आता एका नव्या इमारतीच्या आवारात, वाहनतळाच्या कोपऱ्यात, जाळीखाली आहे. ब्रास बँड, कळश्या, नऊवारी नेसलेल्या आम्ही बाया फाटकाशी. पहारेकऱ्यानं सांगितलं, सोसायटीचं पत्र लागेल. कमिटीचे एक गृहस्थ खाली आले. फार लाघवी माणूस. म्हणाले, "ताई, पाच मिनिटंच हं. आणि एक व्हिडिओ काढू का? आमच्या मुलांना तुमचं कल्चर दाखवायचंय." त्यांच्या मुलांनी तो व्हिडिओ जरूर पाहावा. त्यात एक बाई रागानं बघताना दिसेल, ती मी.

आता भूमिपुत्रांबद्दल. १९ जून १९६६ ला या शहरात भूमिपुत्रांच्या नावानं एक मोठं राजकारण सुरू झालं. पुढं सगळ्याच पक्षांनी तो शब्द उचलला. साठ वर्षांत या भूमिपुत्रांच्या यादीत आमचा नंबर कधी लागला नाही. मराठी माणूस म्हणताना डोळ्यांपुढं जो चेहरा येतो त्याच्या गळ्यात क्रूस नसतो. हिंदी सिनेमानं आम्हाला दारुडा मायकल आणि फ्रॉक घातलेली सँड्रा केलं, ते परकेच होते, त्यांचं सोडा. पण मराठी साहित्य संमेलनात 'इतर धर्मीयांचं मराठी' असा परिसंवाद ठेवून आम्हाला दुपारी जेवणानंतरच्या सुस्त तासाला बसवणारे आपलेच की. मराठीच्या नावानं दुकानांच्या पाट्या फोडणाऱ्या कार्यकर्त्यांनी वाकोल्यात येऊन एकदा तरी विचारलंय का, की हे मराठी गाव झोपडपट्टीच्या नकाशात कुणी टाकलं? विचारणार नाहीत. पाटी फोडायला दगड लागतो, सीमांकनासाठी फाइल वाचावी लागते.

आमच्यापेक्षाही चेरोकींच्या जवळची माणसं या उपनगरात आहेत, आणि त्यांचं नाव घेतल्याशिवाय हा लेख म्हणजे ढोंग होईल. आरेचे वारली. १९४९ मध्ये तिथं दूध वसाहत झाली, त्यांच्या पाड्यांना सरकारी जमिनीवरचे रहिवासी ठरवलं. मेट्रो-३ साठी प्रजापूरपाड्यातली कुटुंबं उठवली. ४ ऑक्टोबर २०१९ च्या रात्री झाडं तोडायला सुरुवात झाली आणि सर्वोच्च न्यायालयानं थांबवेपर्यंत दोन हजारांहून अधिक झाडं आडवी झाली होती. त्याच मेट्रोच्या आणि विमानतळाच्या भिंतींवर वारली चित्रं काढलेली आढळतील. फार गोड दिसतात. ज्याचं घर पाडायचं त्याचं चित्र भिंतीवर लावायचं, ही या शहराची जुनी रीत.

म्हणून आमच्या समाजातल्या तरुणांना माझं सांगणं आहे. पुढच्या आगेर्‍याला म्हणजे सुगीच्या सणाला भाताच्या लोंब्या जरूर आशीर्वादाला न्या, गाणी म्हणा, पण त्याच मांडवात एक टेबल मांडून त्यावर गावठाणाच्या जुन्या मोजणी नकाशाची नक्कल ठेवा. नगर भूमापन कार्यालयातून ती अर्ज करून मिळते, पैसे किरकोळ लागतात. घरातल्या मेलेल्या माणसांची नावं काढून वारसनोंद करून घ्या, मग भांडणं झाली तरी चालतील. परदेशातल्या भावंडांना सांगा की कोऱ्या मुखत्यारपत्रावर सही करू नका, विकायचंच असेल तर आधी गावात विचारा. कोळीवाड्यांना आणि आरेच्या पाड्यांना बरोबर घ्या, रक्ताची चौकशी न करता.

आणि सरकारसाठी अर्ज एका ओळीचा आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, कलम १२२ : गावाच्या जागेत कोणकोणती जमीन येते हे ठरवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. नवा कायदा नको, समिती नको, महोत्सवाला अनुदान तर मुळीच नको. मुंबई उपनगर जिल्ह्यातल्या प्रत्येक गावठाणाची हद्द या कलमाखाली आखून जाहीर करा, आणि ती जाहीर होईपर्यंत लाल रंगाचे डबे घेऊन कुणाला आमच्या दारात पाठवू नका.